स्कायरिमची यादवी : व्हाइट-गोल्डचा तह पुरंदरचा की वसईचा?

रात्रपाळी (धागाकर्ता)

मंडळी, नमस्कार. स्कायरिम या व्हिडिओ गेमवर इथे धागे कमी नाहीत, पण बहुतेक सगळे धनुष्य कुठलं घ्यावं आणि चिलखत कुठलं चढवावं यावरचे. गेममधल्या यादवीचा, म्हणजे साम्राज्य आणि बंडखोर उल्फ्रिक यांच्या लढाईचा, विषय निघाला की चार प्रतिसादांत "उल्फ्रिक खरा" आणि "उल्फ्रिक खुनी" असे दोन तट पडतात आणि धागा तिथेच अडतो. मला त्याच्या पुढचं बोलायचं आहे.

गेम 11 नोव्हेंबर 2011 ला आला. तेव्हा मी अकरावीत होतो आणि डोळे झाकून स्टॉर्मक्लोक, म्हणजे उल्फ्रिकच्या बाजूचा बंडखोर, झालो. सुरुवातीलाच हेल्गेन गावात आपल्याला मुंडकं उडवायला नेतात, यादी वाचणारा हडव्हार स्वतः सांगतो की याचं नाव यादीत नाही, तरी साम्राज्याची कॅप्टन म्हणते की यादी राहू दे, याला घ्या ठोकळ्यावर. तेवढ्यावर साम्राज्याशी माझं वैर पक्कं झालं. दुसऱ्या खेपेला लिजनमधून, म्हणजे साम्राज्याच्या फौजेतून, खेळलो. आता तिसरी खेप. परत उल्फ्रिककडेच गेलो, आणि त्यानं व्हाइटरन शहराचा जार्ल (सरदार) बालग्रुफ याला द्यायला दिलेली कुऱ्हाड आठ दिवस माझ्या पिशवीत पडून आहे. कारखान्यातून आलो की अंघोळ करून बसतो, व्हाइटरनला जातो, त्याच्या ड्रॅगन्सरीच वाड्याच्या पायऱ्या चढतो आणि अर्ध्यातून मागे फिरतो. कुऱ्हाड दिली की लढाई लागणार, आणि या खेपेला ती लढाई कशासाठी हे मला स्वतःला सांगता येत नाही.

ज्यांनी खेळलेलं नाही त्यांच्यासाठी थोडं मागचं. चौथ्या युगाच्या 171 साली एल्फांच्या आल्डमेरी डोमिनियननं सम्राट टायटस मीडपुढे अटी ठेवल्या: खंडणी द्या, ब्लेड्स ही सम्राटाच्या हेरांची संघटना मोडा, टॅलोस या देवाची पूजा बंद करा, हॅमरफेल प्रांताचा मोठा भाग सोडा. सोबत गाडाभर मुंडकी पाठवली, ब्लेड्सच्या शंभरावर हेरांची. सम्राटानं नाही म्हटलं. चार वर्षं महायुद्ध झालं, राजधानी पडली, 175 मध्ये परत जिंकली, आणि जिंकल्यावर लगेच सम्राटानं व्हाइट-गोल्डचा तह केला. त्या तहात काय, तर टॅलोसबंदी, ब्लेड्स बरखास्त आणि हॅमरफेलचा दक्षिण भाग एल्फांना. म्हणजे ज्या अटी झिडकारून युद्ध केलं, जवळपास त्याच अटींवर सही! 201 साली गेम सुरू होतो तेव्हा उल्फ्रिकनं स्कायरिमचा राजा (हाय किंग) टोरिग याला मारलेलं आहे आणि तिथले नऊ परगणे फुटलेत: चार साम्राज्याकडे, चार उल्फ्रिककडे, व्हाइटरन मधोमध.

माझं म्हणणं असं, की उल्फ्रिक आणि साम्राज्याचा सेनापती टुलियस यांना घडीभर बाजूला ठेवा आणि तो तह वाचा. तो पुरंदरचा तह असेल तर साम्राज्याच्या मागे उभं राहायला हवं. वसईचा असेल तर नाही.

उत्तरवारा

रात्रपाळीदादा, प्रश्न नेमका टाकलात. माझं उत्तर पुरंदर.

1665 मध्ये मिर्झाराजे जयसिंगापुढे महाराजांनी 23 किल्ले दिले, 12 राखले. त्या दिवशी कुणी म्हटलं असतं की संपलं सगळं. पण फौज वाचली, माणूस वाचला, आणि 1670 मध्ये सिंहगडापासून किल्ले परत घ्यायला सुरुवात झाली. साम्राज्याचंही तेच. गेममध्ये महायुद्धावरचं पुस्तक मिळतं, एका लिजन अधिकाऱ्यानं लिहिलेलं, ते सावकाश वाचा. राजधानी परत घेतली तेव्हा एकाही लिजनमध्ये निम्म्याहून जास्त सैनिक लढण्याजोगे उरले नव्हते. आणखी एक हंगाम युद्ध चाललं असतं तर सही करायलाही कुणी उरलं नसतं.

हॅमरफेल सोडलं म्हणून सम्राटाला नावं ठेवतात. पण जनरल डेसियानसनं तिथून लिजन मागे घेताना मोठ्या संख्येनं सैनिकांना "अपंग" ठरवून नोकरीतून मोकळं केलं. हे अपंग मागे राहिले आणि तिथल्या रेडगार्ड लोकांच्या खांद्याला खांदा लावून लढले. कागदावर सही एक आणि मैदानावर मदत दुसरी. याला मी शरणागती म्हणणार नाही.

रात्रपाळी

डेसियानसचं मान्य, त्या माणसाला माझा मुजरा. पण हिशेब पुरा करा की. रेडगार्डांनी एकट्यानं पाच वर्षं लढून 180 मध्ये डोमिनियनला स्ट्रोस मकाईच्या तहात माघार घ्यायला लावली. थकलेलं, अर्धं उजाड झालेलं हॅमरफेल जे करू शकलं ते साम्राज्यानं केलं नाही.

आणि पुरंदर ते सिंहगड पाच वर्षं. व्हाइट-गोल्ड ते हेल्गेन सव्वीस! या सव्वीस वर्षांत साम्राज्यानं काय परत घेतलं? काहीच नाही. उलट थॅल्मोरचे, म्हणजे डोमिनियनच्या सत्ताधाऱ्यांचे, न्यायाधिकारी स्कायरिमच्या रस्त्यांवरून माणसं दोरखंडानं बांधून नेतात आणि लिजनची गस्त बाजूनं निघून जाते.

एक जागा जवळून दाखवतो. व्हाइटरनमध्ये फ्रालिया ग्रे-मेन नावाची म्हातारी बाजारात दागिने विकते. तिचा मुलगा थोराल्ड युद्धात गेला तो परत आला नाही. गावातल्या साम्राज्याच्या बाजूच्या बॅटल-बॉर्न घराण्यातले लोक म्हणतात मेला. आपण त्यांच्या घरात चोरून शिरलो की एक पत्र सापडतं, खुद्द जनरल टुलियसचं. थोराल्ड जिवंत आहे, थॅल्मोरनं त्याला नॉर्थवॉच गढीत नेलंय, यात आणखी खोल जाऊ नका, असा त्याचा मतलब. स्कायरिमचा लष्करी कारभारी, त्याच्याच मुलुखातला माणूस, परक्या सत्तेनं उचलून नेलेला, आणि कारभारी लिहितो की विचारू नका.

1802 मध्ये दुसऱ्या बाजीरावानं वसईला सही केली तेव्हा त्यालाही गादी मिळालीच होती. पुण्यात तैनाती फौज आली, रेसिडेंट आला, आणि 1817 ला शनिवारवाड्यावर निशाण बदललं. थॅल्मोरची वकील एलेनवेन हिची वकिलात मला संगमावरच्या रेसिडेन्सीसारखी दिसते. दिवे लावलेत, मेजवानी चाललीये, सगळे मानकरी वाकून जातायत, आणि तळघरात माणूस टांगलेला आहे.

भीमाकाठ

रात्रपाळींना शंभर टक्के अनुमोदन. मी पहिल्या दिवसापासून स्टॉर्मक्लोक आहे आणि राहणार.

लोक म्हणतात एका देवासाठी एवढा रक्तपात कशाला, आठ देव आहेत ना. मी पंढरपूरचा. आमच्या घरी चार पिढ्या वारी आहे. उद्या कुणी तह करून सांगितलं की इतर सगळे देव ठेवा, फक्त विठ्ठल नको, गळ्यातली माळ काढा, दिसली तर रात्री येऊन उचलू, तर? स्कायरिममध्ये टॅलोसचं ताईत गळ्यात दिसलं म्हणून थॅल्मोर भर रस्त्यात आपल्याला अडवून जाब विचारतात. मी ते पहिल्यांदा पाहिलं तेव्हा हात आपोआप माळेवर गेला होता.

पुरंदरवाल्यांना एकच सांगतो. महाराजांनी तहात किल्ले दिले, देव दिला नाही.

उत्तरवारा

भीमाकाठ, तुमच्या भावनेचा मान राखून बोलतो. रिव्हरवुडच्या अल्व्होर लोहाराशी निवांत बोलून बघा. तो सांगतो की त्याच्या लहानपणी बंदी होती तरी घरोघरी टॅलोसचा छोटा देव्हारा होता आणि कुणी लक्ष देत नव्हतं. उल्फ्रिकनं गाजावाजा केला म्हणून सम्राटाला कडक व्हावं लागलं, आणि मग रात्रीबेरात्री माणसं उचलायला लागले. बंदी कागदावरच होती. ती रस्त्यावर आणली कुणी?

भीमाकाठ

उचलणाऱ्यानं आणली. देव्हारा उघड्यावर मांडणाऱ्याच्या माथी ते मारू नका.

जुनीगिरणी

मी वयानं तुमच्यापेक्षा बराच मोठा. मुलानं 2016 ची स्पेशल एडिशन लावून दिली तेव्हापासून खेळतो. तुम्ही दोघंही तिसऱ्याला विसरताय, म्हणून लिहितो.

वकिलातीत चोरून शिरण्याची क्वेस्ट आहे ना, तिथे उल्फ्रिकवरची थॅल्मोरची फाइल मिळते. मी ती तीनदा वाचली. महायुद्धात उल्फ्रिक त्यांच्या कैदेत होता, एलेनवेननं स्वतः त्याची चौकशी केली. राजधानी त्यानं दिलेल्या माहितीमुळे पडली असं त्याच्या मनात भरवून दिलं. खरं तर तो तोंड उघडण्याआधीच शहर पडलं होतं. म्हणजे हा माणूस पंचवीस वर्षं एका खोट्या पापाचं ओझं वागवतोय, आणि त्याच्या टॅलोस-टॅलोस करण्याच्या मुळाशी ते ओझं आहे असं मला वाटतं. हे माझं अनुमान, फाइलमध्ये असं लिहिलेलं नाही.

फाइलीत लिहिलेलं हे: स्टॉर्मक्लोकांचा विजय थॅल्मोरला नको आहे. उल्फ्रिक हेल्गेनला मेला असता तर साम्राज्य जिंकण्याची शक्यता वाढली असती, तेही नको. त्यांना हवं आहे ते युद्ध चालू राहणं. आता हेल्गेनचा पहिला प्रसंग आठवा. गाडी आत येते तेव्हा सोबतचा स्टॉर्मक्लोक कैदी रालॉफ म्हणतो, टुलियसबरोबर थॅल्मोर दिसतायत. पहिल्यांदा खेळताना आपण ते ऐकून सोडून देतो.

म्हणून रात्रपाळी, तुमच्या प्रश्नात मी थोडी दुरुस्ती सुचवतो. वसईचा तह एकट्या बाजीरावानं केला खरा, पण त्याला वसईला पळावं लागलं ते होळकरांनी पुणं मारलं म्हणून. आपसातल्या भांडणानं तिसऱ्याला दार उघडलं. उल्फ्रिक आणि टुलियस दोघेही थॅल्मोरचा द्वेष करतात आणि दोघेही त्यांचंच काम करतात. स्टॉर्मक्लोकांच्या बाजूनं खेळून साम्राज्याचं ठाणं सॉलिट्यूड जिंकलं की मरायच्या आधी टुलियस हेच बोलतो, की त्यांना नेमकं हेच हवं होतं. तेव्हा फार उशीर झालेला असतो.

सूतरीळ

बरेच दिवस नुसती वाचत होते, आज लिहिते.

मी पूर्व भागातली. आमची मूळं तेलंगणातली, पणजोबा माग चालवायला सोलापुरात आले. घरात तेलुगू, दारात मराठी, शेजारी कन्नड आणि उर्दू. आमची अव्वा मांडीवर सूप घेऊन विड्या वळायची, आणि मी तिच्या शेजारी बसून शाळेचा मराठीचा धडा मोठ्यानं वाचायचे. तिला वाचता येत नव्हतं, पण माझा ऱ्हस्व-दीर्घ चुकला की तिला कळायचं, कारण मी अडखळायचे.

तुम्ही सगळे सॉलिट्यूड आणि हेल्गेनबद्दल बोलताय. मी विंडहेल्मबद्दल बोलते, कारण उल्फ्रिकचं राज्य कसं असेल ते बघायला सॉलिट्यूड जिंकावं लागत नाही. त्याचं शहर आहे की समोर.

पहिल्यांदा विंडहेल्मच्या दारातून आत गेलात तेव्हा काय दिसलं आठवा. बर्फ पडतोय, आणि दोन नॉर्ड (उल्फ्रिकच्या जमातीचे) पुरुष एका डनमर (करड्या कातडीच्या एल्फ) बाईला अडवून उभे आहेत. तुम्ही इथे येता, आमचं खाता, शहर घाण करता आणि लढाईला मदत करत नाही, असं तो रोल्फ तिला बोलतो. तिचं नाव सुव्हारिस. ती म्हणते, ही आमची लढाई नाही म्हणून आम्ही बाजू घेतली नाही. हा रोल्फ गल्लीतला कुणी दारुडा म्हणून सोडून द्यावा तर तो गॅल्मारचा भाऊ आहे, आणि गॅल्मार उल्फ्रिकचा उजवा हात.

मी तिथे कीबोर्डवरून हात काढून बसले होते. "तुम्ही लोक" हे दोन शब्द मी रेशनच्या रांगेत ऐकलेत, एकदाच, लहान असताना. अव्वा काही बोलली नाही. घरी येईपर्यंत तिनं माझा हात सोडला नाही.

मॉरोविंड या त्यांच्या प्रांतात रेड माउंटन हा ज्वालामुखी फुटला म्हणून डनमर निर्वासित झाले, ते चौथ्या युगाच्या पाचव्या वर्षी. म्हणजे जवळजवळ दोनशे वर्षं होत आली आणि त्यांची वस्ती अजून ग्रे क्वार्टर. सरड्यासारख्या आर्गोनियन लोकांना तर तटाच्या आत राहायचीच परवानगी नाही. गोदीत माल उचलायचा आणि गोदीतच झोपायचं, मजुरी नॉर्डपेक्षा कितीतरी कमी. ब्रुनवुल्फ फ्री-विंटर हा तिथला नॉर्डच, तो सांगतो की नॉर्डांच्या गावावर दरोडा पडला तर उल्फ्रिक शिपाई पाठवतो, डनमर किंवा खजीत (मांजरासारखे लोक) लुटले गेले तर पाठवत नाही. ज्याला नऊच्या नऊ परगण्यांचा राजा व्हायचं आहे त्याला स्वतःच्या शहरातल्या एका गल्लीचं राजेपण जमलेलं नाही.

भीमाकाठदादा, माळेचं तुम्ही लिहिलंत ते मला आतपर्यंत पोचलं. पण मला सांगा, सुव्हारिसला उल्फ्रिकच्या राज्यात काय मिळणार?

भीमाकाठ

ताई, उत्तर द्यायला वेळ लागला, कारण काल रात्री जाऊन परत ते दार बघून आलो. मी इतक्या वेळा त्या दारातून गेलोय, थेट राजवाड्याकडे पळायचो. तुम्ही म्हणता ते खरं आहे आणि त्याचा बचाव मी करणार नाही. उल्फ्रिक माझा पुढारी, पण ग्रे क्वार्टर त्याचं पाप आहे.

तरी टॅलोसबंदी चूकच. दोन्ही एकाच वेळी खरं असू शकतं ना?

सूतरीळ

असू शकतं दादा. म्हणूनच अवघड आहे.

किल्ल्याशेजारी

सूतरीळताईंचा प्रतिसाद वाचून चार हुतात्मा चौकात जाऊन आलो. रोज तिथूनच जातो, आज थांबलो. मे 1930 मध्ये आपल्या सोलापुरातून इंग्रजी अंमल काही दिवस उठला होता, मग मार्शल लॉ आला, आणि 12 जानेवारी 1931 ला येरवड्यात चौघांना फाशी झाली. मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा. ही चार नावं सलग वाचा. परक्या सत्तेविरुद्ध उठताना आपल्या गावानं आधी आपल्यातले वेगळे काढले नाहीत. उल्फ्रिकला नेमकं हेच जमलं नाही. स्टॉर्मक्लोक आणि ग्रे क्वार्टर एका बाजूला उभे असते तर थॅल्मोरला ही फाइल नव्यानं लिहावी लागली असती.

हिप्परगा

सगळे बोलले, रीच या पश्चिमेकडच्या परगण्यावर कुणीच नाही. 174 मध्ये महायुद्धाच्या गडबडीत रीचमधल्या मूळ लोकांनी तिथलं मार्कार्थ शहर घेतलं, मदानाख या पुढाऱ्याच्या हाताखाली दोन वर्षं राज्य केलं. 176 मध्ये उल्फ्रिकनं ते मोडलं, बदल्यात त्याला टॅलोसपूजेची मोकळीक कबूल झाली होती. थॅल्मोरला कळलं तेव्हा साम्राज्यानं त्यालाच तुरुंगात टाकलं. उल्फ्रिकचे पाठीराखे इथपर्यंतच सांगतात, साम्राज्यानं दगा दिला म्हणून. पण त्या मोडण्यात किती सामान्य माणसं मारली गेली यावर "मार्कार्थचं अस्वल" हे पुस्तक गेममध्येच आहे. लिहिणारा साम्राज्याच्या बाजूचा, तेव्हा थोडं जपून वाचायचं, पण वाचायचं.

यादवी थांबवण्यासाठी हाय ह्रॉथगार मठात होणाऱ्या तहाच्या बैठकीत टेबलाभोवती बघा. उल्फ्रिक, टुलियस, जार्ल, आणि एलेनवेनसुद्धा. रीचचं कुणी नाही. डनमरांचं कुणी नाही. आणि त्या टेबलावर मार्कार्थ आणि रिफ्टन भाजीसारखे इकडचे तिकडे होतात. मार्कार्थ स्टॉर्मक्लोकांना गेलं की थॉन्गव्होर सिल्व्हर-ब्लड जार्ल, रिफ्टन साम्राज्याला गेलं की मेव्हन ब्लॅक-ब्रायर. चांदीच्या खाणीचा मालक नाहीतर चोरांच्या टोळीची पाठराखीण. सामान्य माणसाला दोन्हीकडून तेच.

रात्रपाळी, एक कामाचं सांगतो. कुऱ्हाड घेतल्यावर बाजू बदलता येत नाही. पण त्याच्या आधी कोर्व्हनजुंडच्या थडग्यातून तो जुन्या राजांचा दातेरी मुकुट आणलात, तिथला सेव्ह ठेवला असेल तर बघा. मुकुट हातात असताना तो दुसऱ्या बाजूला नेऊन देता येतो. तेवढी एकच फट आहे.

रात्रपाळी

हिप्परगा, सेव्ह आहे. आभार.

तीन दिवस सगळं परत वाचलं. जुनीगिरणीकाका, तुमची दुरुस्ती मान्य, होळकरांचं मी सोडून दिलं होतं. तह वसईचाच होता असं मी अजूनही म्हणतो, उत्तरवारांनी कितीही सांगितलं तरी. टुलियसचं ते पत्र माझ्या डोळ्यांपुढून जात नाही.

तरी काल रात्री कोर्व्हनजुंडचा सेव्ह लावला. बाहेर बर्फ पडत होता, मुकुट पिशवीत होता, आणि मी विंडहेल्मकडे न जाता सॉलिट्यूडचा रस्ता धरला. वाटेत रिव्हरवुडला थांबलो, वाकडी वाट करून. अल्व्होरची भट्टी आणि गेर्डुरचं घर एकाच रस्त्यावर. एकाचा पुतण्या हडव्हार लिजनमध्ये, दुसरीचा भाऊ रालॉफ स्टॉर्मक्लोक. दोन्ही घरांनी मला पहिल्या दिवशी भाकरी दिली होती. मी गेर्डुरच्या दारावरून पुढे गेलो आणि आत गेलो नाही.

मुकुट टुलियसला दिला. साम्राज्य चांगलं आहे म्हणून नाही. साम्राज्य जिंकलं तर विंडहेल्मच्या गादीवर ब्रुनवुल्फ बसतो म्हणून. तहाशी लढायला पुढे वेळ मिळेल की नाही माहीत नाही, गेममध्ये तरी मिळत नाही. पण त्या दारातल्या बाईला आज कुणीतरी हवं आहे.

उत्तरवारा

स्वागत आहे दादा. वसई-पुरंदरचं आपलं भांडण चालूच राहील. आणि त्या पत्राला माझ्याकडे उत्तर नाही, हेही लिहून ठेवतो.

भीमाकाठ

रात्रपाळी, मन दुखलं, पण समजलं. मी मात्र कुऱ्हाड देणार. या खेपेला राजवाड्याकडे जाताना आधी ग्रे क्वार्टरमधून जाईन.

सूतरीळ

भीमाकाठदादा, तिथे रेव्हिन सद्री म्हणून एक दुकानदार आहे. जुनं सामान विकतो. कधीतरी त्याच्याकडून काहीतरी घ्या.